वाटाणा उठतोय

३१ मे, शनिवार

आजपासून वहीत लिहिणार. फोनवर मनातलं काही लिहायचं नाही. हल्ली कोण कुठे बसून काय वाचत असेल, सांगता येत नाही.

सकाळी व्यापाऱ्यांच्या ग्रुपवर बातमी आली. बाहेरून येणाऱ्या पांढऱ्या वाटाण्यावर सरकारने शुल्क माफ केलं होतं. ती माफी आज संपणार होती, संपली नाही. पुढच्या मार्चपर्यंत वाढवली. म्हणजे कॅनडाची, रशियाची जहाजं गुजरातेत मुंद्रा बंदराला लागतच राहणार आणि वाटाणा मातीमोल जाणार. मी माफी संपेल या भरवशावर दोन ट्रक वाटाणा गोदामात भरून बसलोय.

प्रतिभा तेव्हाच म्हणाली होती, "अहो, आपलं काम हरभऱ्याचं. वाटाण्यात कशाला पडताय?" मी म्हटलं, बायकांना बाजार कळत नाही.

हा माल शेखर दलालाने माझ्या गळ्यात मारला. त्याला आतली बातमी असणार. आज फोन केला तर म्हणतो, "गोरक्षभाऊ, मार्केट आहे. वर-खाली व्हायचंच." आवाजावरून हसत होता.

१२ जून

आमची गिरणी सिन्नरच्या औद्योगिक वसाहतीत. हरभरा घ्यायचा, डाळ पाडायची, डाळीचं बेसन करायचं. पाकिटावर छापलंय, 'प्रतिभा बेसन, शुद्ध हरभरा'. नाशिकपासून नांदगावपर्यंत दुकानदार हे नाव ओळखतात.

पण हरभरा महाग आणि वाटाणा स्वस्त झाल्यापासून जो तो हरभऱ्याच्या डाळीत वाटाण्याची डाळ घालून दळतोय आणि आमच्यापेक्षा कमी भावात विकतोय. आमची दुकानं तुटायला लागलीत.

आमच्या मुलीचा, वेदिकाचा नवरा हर्षल वर्षभरापासून गिरणीत विक्री बघतो. आज जेवताना म्हणाला, "पप्पा, आपण एक वेगळं पाकीट काढू. वाटाणा घातलेलं, वर तसं स्पष्ट छापलेलं. स्वस्तातलं. ज्याला घ्यायचं तो घेईल."

माझा घास हातातच राहिला. म्हटलं, "या गिरणीत वाटाणा दळला जाणार नाही. छापूनही नाही आणि न छापताही नाही."

प्रतिभा त्याला भाजी वाढत होती, तिचाही हात थांबला. ज्याच्या तोंडात भेसळ आली, त्याच्या मनात ती आधी येऊन गेलेली असते. जावयावर लक्ष ठेवायला हवं.

२ जुलै

गोदामात पाय ठेववत नाही. ती पोती बघितली की दारातूनच परत फिरतो. प्रतिभाला तसं बोललो. ती म्हणाली, "तुम्ही जाऊच नका तिकडे. वाटाण्याचं मी बघते."

"काय बघणार?"

"मिसळवाले, रगडावाले, भेळवाले. किरकोळीत काढते."

मला हसू आलं. पण म्हटलं करू दे. तेवढाच तिचा वेळ जाईल. पॅकिंगला बारा-तेरा बायका आहेत, त्यांच्याबरोबर ती हल्ली दिवसभर गिरणीतच असते.

१९ जुलै

वाटाणा उठतोय! गोदामाच्या दारातून नुसतं डोकावलो. पुढची थप्पी निम्मी झालीय. मी म्हटलं, "वा, उठतोय की माल!" प्रतिभा काही बोलली नाही. तिला कौतुक करून घ्यायची सवय नाही.

दुसरं म्हणजे सुटलेली दुकानं परत आली. प्रतिभाने दुकानदारांना कसली तरी स्कीम दिलीय म्हणे. चांगला माल शेवटी जिंकतोच. हे मी हर्षलला मुद्दाम ऐकवलं. तो म्हणाला, "हो पप्पा," आणि उठून बाहेर फोनवर बोलायला गेला. याचे फोन हल्ली नेहमी फाटकाबाहेर का असतात?

८ ऑगस्ट

लंकाबाईंचा फोन. पिंपळगाव बसवंतला हायवेला त्यांचं पिठलं-भाकरीचं हॉटेल आहे. हातगाडी होती तेव्हापासून आमचंच बेसन वापरतात.

"शेठ, तुमच्या पिठाला काय झालंय? पिठल्याला कचवट वास मारतोय. काल एक ड्रायव्हर ताट ढकलून उठला. रोजचं गिऱ्हाईक हाय माझं."

लगेच गाडी काढली. त्यांनी माझ्यापुढे पिठलं ठेवलं. पहिल्याच घासाला कळलं. ओल्या शेंगा सोलताना येतो तसा वास. वाटाणा.

पहिला संशय लंकाबाईंवरच आला. धंदा वाढला की माणूस बदलतो. स्वस्तातलं पीठ आपणच मिसळायचं आणि नाव आमचं पुढे करायचं. मी म्हटलं, "मला बंद पाकीट दाखवा."

त्या काय समजायचं ते समजल्या. आतून बंद पाकीट आणलं आणि माझ्यापुढे टेबलावर ठेवलं. मी फोडलं, चिमूटभर पीठ तळव्यावर घेऊन पाण्यात कालवलं. तोच वास.

म्हणजे माझ्याच गिरणीत, माझ्या नाकाखाली कोणीतरी हे करतंय. परत येताना आडगावपर्यंत मागचं-पुढचं काही दिसलं नाही.

११ ऑगस्ट

मशीनवर खंडेराव असतो. जुना माणूस. त्याला एकट्याला बाजूला घेतलं.

"खंडेराव, डाळीत वाटाणा कोण घालतंय?"

तो मान खाली घालून पट्ट्याला तेल देत राहिला. "मी काय शेठ, सांगतील ते दळतो."

"कोण सांगतं?"

"घरातलेच सांगतात. मला नका विचारू. मला पोरं हायेत."

परत तेलाची बुधली उचलली. पण एवढं पुरे. घरातला म्हणजे कोण, हे कळायला आणखी अक्कल लागत नाही. मला मुलगा नाही, भाऊ नाही. गिरणीत घरातला पुरुष एकच.

प्रतिभाला सगळं सांगितलं. तिने गॅस बंद केला. म्हणाली, "हर्षल असं नाही करणार."

मी म्हटलं, तू सासू आहेस, तुला दिसणार नाही.

१ सप्टेंबर

गौरी जेवल्या. प्रतिभाने अळूवड्या छान केल्या होत्या. बेसन मात्र गिरणीतलं नाही; हरभऱ्याची डाळ घेऊन कॉलनीतल्या चक्कीवर स्वतः दळून आणलं. मी म्हटलं, "घरची गिरणी असताना चक्कीवर?" तर म्हणाली, "देवीला ताजंच लागतं." तिची भक्ती हल्ली फार वाढलीय. सोमवारही धरायला लागली.

वेदिका आणि हर्षल जेवायला होते. हर्षल आणि प्रतिभा स्वयंपाकघरात हळू आवाजात काहीतरी बोलत होते. मी दारात गेलो तसे गप्प झाले. तो बहुतेक तिला फितवतोय. ती साधी आहे. कोणी चार शब्द गोड बोललं की विरघळते.

१४ सप्टेंबर

आज डोळ्यांनी पाहिलं. पिंपळगावच्या मार्केटजवळ हर्षल शेखर दलालाच्या गाडीतून उतरला. दोघे चहा प्यायले. मी टेंपोच्या आडून बघत होतो. शेखर नकारार्थी मान हलवत होता आणि हर्षल त्याला हात जोडत होता.

ज्या माणसाने माझ्या गळ्यात वाटाणा मारला, त्याच्यापुढे माझा जावई हात जोडतो. एकच अर्थ निघतो. शेखरकडून स्वस्तात वाटाणा घ्यायचा, माझ्या बेसनात ढकलायचा, वरचा नफा दोघांनी खायचा. बाहेरून आणतोय म्हणूनच तर मला गिरणीत दिसत नाही. आपल्या गोदामातला वाटाणा प्रतिभा बिचारी भेळवाल्यांना विकतेय, आणि हा दुसऱ्या दाराने आणून ओततोय.

२१ सप्टेंबर

आज तुकडा पाडला.

सगळे घरी होते. मी हर्षलला समोर बसवून विचारलं, "शेखरकडे कशाला गेला होतास?"

"कामासाठी."

"कुठलं काम? मला न सांगता माझ्या गिरणीचं कुठलं काम?"

मी सगळं बोललो. लंकाबाईंचं पिठलं, खंडेराव, मार्केटमधला चहा. म्हटलं, "पंचवीस वर्षांचं नाव तू वर्षात नासवलंस. यात तुझा हात नसेल तर नाही म्हण. एवढं एक 'नाही' म्हण."

तो माझ्याकडे बघतच नव्हता. प्रतिभाकडे बघत होता. ती चहाचा ट्रे घेऊन उभी होती. मग हर्षल उठला, गिरणीच्या किल्ल्या टेबलावर ठेवल्या आणि म्हणाला, "येतो, आई."

हे मला म्हणाला नाही. तिला म्हणाला.

वेदिका त्याच्यामागे गेली. दारात थांबून म्हणाली, "पप्पा, तुम्ही हे चांगलं नाही केलं."

खरा माणूस गप्प बसत नाही, तो भांडतो. गुन्हेगार गप्प बसतो. प्रतिभा दिवसभर जेवली नाही. आईचं काळीज, दुसरं काय.

२ ऑक्टोबर

दसऱ्याला वेदिका आली नाही. सोनं द्यायला शेजारची पोरं आली, तेवढीच.

लंकाबाईंचा परत फोन. वास अजून येतो म्हणे. हर्षल जाऊन दहा-बारा दिवस झाले. मी सांगितलं, जुन्या लॉटचा माल असेल. त्या म्हणाल्या, "शेठ, पाकिटावरची तारीख वाचता येती मला."

मग खंडेराव. हर्षल जाताना त्याला लावून गेला असणार. पण प्रतिभा म्हणते, खंडेरावला हात लावू नका, दिवाळीच्या तोंडावर मशीनला दुसरा माणूस मिळणार नाही. तेही खरं. दिवाळीच्या ऑर्डरी सांभाळता सांभाळता नाकी नऊ आलेत. इतकं बेसन आम्ही कधी विकलं नव्हतं.

२२ ऑक्टोबर

पाडवा. प्रतिभाने ओवाळलं. निरांजनाचं ताट अर्ध्यातच खाली ठेवून बसली. मी विचारलं, डॉक्टरकडे जायचं का? नको म्हणाली. वेदिका तिचा फोन उचलते, माझा उचलत नाही. मायलेकी बोलतात तेव्हा मी खोलीत गेलो की प्रतिभा "ठेवते" म्हणते. काय बोलतात?

सगळं घर माझ्यापासून काहीतरी झाकतंय असं वाटतं. वय झालं की असं वाटतं म्हणतात. मी अठ्ठावन्नचाच आहे.

३१ ऑक्टोबर, शुक्रवार

जे घडलं ते क्रमाने लिहितो.

सकाळी ग्रुपवर बातमी पडली. सरकार वाटाण्यावर आयात शुल्क लावतंय. उद्यापासून, तीस टक्के. मी उड्या मारायचाच बाकी होतो. मी मे महिन्यात म्हणत होतो ते ऑक्टोबरात खरं झालं! शेखरचाच फोन आला, "गोरक्षभाऊ, तुमच्याकडचा वाटाणा आहे का शिल्लक?" आता माझी पाळी होती हसायची.

थेट गिरणीवर गेलो, गोदाम उघडलं. आत कोपऱ्यात पंचवीस-तीस पोती. बाकी सगळी जमीन रिकामी.

प्रतिभा पॅकिंगच्या बायकांत होती. तिला बोलावलं. "बाकीचा माल कुणाकुणाला दिलास? नावं सांग. त्यांच्याकडे पडून असेल तर चार पैसे जास्त देऊन परत उचलू."

"परत नाही मिळणार."

"का? भेळवाला एवढा वाटाणा खातो का?"

"भेळवाल्यांनी फार थोडा नेला." तिने कमरेला खोचलेला पदर सोडला, परत खोचला. "दळला."

मला कळलंच नाही. मी विचारलं, "कोणी दळला?"

"मी. खंडेरावला मी सांगितलं. जुलैपासून."

मी म्हटलं, तू तर विकला म्हणाली होतीस.

"मी कधी म्हणाले? उठतोय, उठतोय, असं तुम्ही म्हणायचात."

मी खाली पोत्यावर बसलो. ती उभीच होती. रडेल असं वाटलं, रडली नाही. म्हणाली, "दुकानं तुटत होती. तुम्ही भाव कमी करेनात. हर्षल वेगळं पाकीट काढू म्हणाला, ते तुम्ही ऐकून घेतलं नाही. तुम्ही दिवसभर जहाजं मोजत बसायचात आणि या बायका माझ्या तोंडाकडे बघायच्या, आज काम आहे की घरी जाऊ? पहिल्यांदा थोडाच घातला. कोणाला कळलं नाही. दुकानं परत आली. मग थांबता येईना."

"हर्षलला माहीत होतं?"

"ऑगस्टपासून. त्याने माझ्यापुढे हात जोडले, आई, बंद करा म्हणून. मी म्हटलं, एवढा संपू दे. मग तो शेखरच्या मागे लागला, उरलेला वाटाणा पडत्या भावात तरी उचल म्हणून. म्हणजे माझ्याकडे घालायला उरणारच नाही."

"आणि मी त्याला चोर ठरवत होतो, तेव्हा तू ट्रे घेऊन उभी होतीस."

"हो."

बाहेर मशीन चालू होती. मी जाऊन बंद करायला सांगितली. खंडेरावने माझ्याकडे न बघता बटण दाबलं.

२ नोव्हेंबर

नाशिकला वेदिकाच्या घरी गेलो. एकटाच. हर्षलने दार उघडलं, पाणी दिलं. मी जे बोलायचं ते बोललो. नीट जमलं नाही. तो म्हणाला, "ठीक आहे पप्पा, झालं ते झालं." त्याला पिंपळगावला द्राक्षांच्या एका पॅकहाउसमध्ये नोकरी लागलीय. गिरणीत परत ये म्हटलं तर मान हलवली. नाही म्हणाला.

"मला सांगायचं तरी होतंस," मी म्हटलं.

"आईंनी सांगायला हवं होतं. मी कसं सांगणार?"

वेदिका स्वयंपाकघरातून बाहेर आली. ती म्हणाली, "पप्पा, तुम्ही लंकाबाईंवर संशय घेतला. शेखरकाकांवर, खंडेरावमामांवर, ह्यांच्यावर. मम्मीवर का नाही घेतला?"

"तिच्यावर माझा विश्वास आहे. होता."

"विश्वास नव्हता. मम्मी एवढं काही करू शकेल असं तुमच्या डोक्यातच आलं नाही."

घरी येईपर्यंत तिच्याशी मनात भांडत होतो.

५ नोव्हेंबर

दुकानांतून माल परत उचलायला सुरुवात केली. दुकानदारांना सांगायला मी एक वाक्य तयार केलं होतं, मशीनवर चुकून लॉट मिसळला. वाईट वाक्य नव्हतं. कोणी फार खोदून विचारलंही नसतं.

लंकाबाईंकडे प्रतिभा म्हणाली, मी येते. आम्ही दोघे टेंपोतून उतरलो. मी सुरुवात केली, "लंकाबाई, काय झालं, मशीनवर जरा..."

"मी मिसळला," प्रतिभा म्हणाली.

लंकाबाई भाकरी थापत होत्या. हात थांबला नाही. भाकरी तव्यावर टाकली, पाणी फिरवलं, मग वर बघितलं. "तुम्ही? पाकिटावर तुमचंच नाव हाय ना वो?"

"हो."

"तीन-चार म्हैने मी लोकांची बोलणी खाल्ली. माझ्या सुनेला मी बोलले, तूच पीठ नीट भाजत नाय म्हनून. ती माहेरी जाऊन बसली व्हती आठ दिवस."

प्रतिभाने मान खाली घातली नाही. मला वाटलं होतं ती आता माझ्याकडे बोट दाखवेल. वाटाणा कोणी भरला, भाव कोणी कमी केला नाही, जावयाचं कोणी ऐकलं नाही, सगळं सांगेल. मी वाट बघत होतो. ती म्हणाली, "तुमच्या सुनेला बोलवा. तिच्यापुढे पण सांगते."

सून बाहेर आली. तिच्यापुढे तिने पुन्हा सगळं सांगितलं. परत येताना गाडीत मी विचारलं, माझं नाव का घेतलं नाहीस? म्हणाली, "तुमचं तुम्ही घ्यायचं."

११ नोव्हेंबर

प्रतिभा सकाळीच तयार होऊन बसली. "नाशिकला अन्न खात्याच्या कचेरीत जायचंय. सांगून टाकते."

मी हादरलो. म्हटलं, "माल उचलतोय ना परत? कोणी तक्रार केलेली नाही. मग? कोणी काही बोललं का? लंकाबाई बोलल्या? शेखर?"

"कोणी नाही. सणाला लोकांनी लाडू केले त्या पिठाचे. सगळ्यांकडे आपण पोचणार नाही."

"गिरणी बंद करतील."

"करतील." मग म्हणाली, "यायचं तर या. पण तिथे मी बोलेन."

गेलो. तिनेच सांगितलं, पहिल्यापासून. साहेब तरुण होते. त्यांना आधी वाटलं ती दुसऱ्या कोणाची तक्रार करायला आलीय. आपली स्वतःचीच आहे हे कळल्यावर त्यांनी पेन खाली ठेवलं. वाटाणा कुठून आला, असं त्यांनी विचारलं. प्रतिभा थांबली.

"तो मी भरला होता," मी म्हटलं. "भाव वाढेल म्हणून. ही नको म्हणत होती."

उद्या नमुने न्यायला माणसं येतील. निकाल लागेपर्यंत उत्पादन बंद. दंड होईल, किती ते कळायचंय. पाकिटावरचं नाव राहील की जाईल, तेही कळायचंय. बायकांना काय सांगायचं ते प्रतिभा ठरवतेय.

बाहेर आलो तर झाडाखाली मोटरसायकल लावून हर्षल उभा होता. कामावर अर्धा दिवस टाकून आला होता. त्याला वेदिकाने पाठवलं की तो आपणहून आला, विचारायचं धाडस झालं नाही. त्याने प्रतिभाच्या हातातली पिशवी घेतली. आत कसल्याशा कागदावर सही राहिली होती, ती करायला दोघे परत गेले. मी झाडाखाली थांबलो. ते परत आले. हर्षलने तिला गाडीपर्यंत पोचवलं, दार लावलं.

माझ्याशी एक शब्द बोलला नाही. पण आमची गाडी हायवेला लागेपर्यंत मागून येत होता.